निवृत्त होणाऱ्या नानांना कोणतं पुस्तक द्यावं? (ऑफिस, माणसं आणि विनोद)

शाईची_दौत

नमस्कार मंडळी,

आमच्या लेखा शाखेतले नाना ३१ तारखेला निवृत्त होतायत. ३४ वर्षं एका शाखेत, त्यातली २६ एका जागी. (खुर्ची दोनदा बदलली, जागा नाही.) दरवेळी आम्ही भिंतीवरचं घड्याळ देतो. नानांनी मागच्या सेंडऑफलाच बजावून ठेवलंय, "माझ्या घरी तीन घड्याळं आहेत आणि तिन्हींत वेगळी वेळ आहे. चौथं आणलंत तर बघा." म्हणून यंदा पुस्तकं द्यायचं ठरलंय. माणशी शंभर, माणसं २३, जमा २३०० रुपये.

अडचण अशी की नाना पुस्तकं वाचत नाहीत, आकडे वाचतात. हॉटेलात बिल आलं की आधी खालची बेरीज, मग वरचे पदार्थ. तासून तासून बोटभर उरलेली लाल पेन्सिल, आणि तिने प्रत्येक आकड्यापुढे मोहरीएवढी टिक. एखाद्या आकड्यापुढे मोहरी पडली नाही की समोरच्याचा दिवस गेला. पण माणूस मिश्कील आहे. एका साहेबांनी एकदा 'सोबतचे बिल तातडीने पास करावे' अशी चिठ्ठी पाठवली आणि बिल जोडायला विसरले. नानांनी खाली लिहून परत पाठवलं: 'तातडी पाहिली. बिल आढळून आले नाही.'

तर ऑफिस, तिथली माणसं, त्यांचे स्वभाव यावरची विनोदी पुस्तकं सुचवा. मराठी असेल तर उत्तम. इंग्रजीही चालेल, नाना ऑडिटच्या शेऱ्यांचं इंग्रजी पचवलेले आहेत. प्रेरणादायी नको. 'निवृत्तीनंतरचे सुंदर जीवन' छापाचं तर मुळीच नको.

८_१२_स्लो

घड्याळच द्या. बंद पडलेलं. दिवसातून दोनदा तरी टॅली होईल.

कारकून_नंबर_एक

पार्किन्सन. दुसरं नाव शोधूच नका.

सी. नॉर्थकोट पार्किन्सन हा इतिहासाचा प्राध्यापक, सिंगापूरला शिकवायचा. १९५५ च्या नोव्हेंबरात 'द इकॉनॉमिस्ट'मध्ये त्याचा एक लेख आला, त्याचंच पुढे 'पार्किन्सन्स लॉ' हे पुस्तक झालं. नियम एवढाच की काम हे हाताशी असलेल्या वेळाएवढं फुगतं. त्याची ती म्हातारी आठवते? भाचीला एक पोस्टकार्ड टाकायचंय. कार्ड शोधायला एक तास, चष्मा शोधायला एक तास, पत्ता सापडायला अर्धा तास, मजकुराला सव्वा तास, आणि कोपऱ्यावरच्या पेटीपर्यंत जाताना छत्री न्यावी की नको यात वीस मिनिटं. कामात असलेला माणूस हेच तीन मिनिटांत उरकतो. म्हातारी मात्र संध्याकाळी दमून आडवी.

पण नानांना देण्याचं खरं कारण पुढे आहे, तक्त्यात. ब्रिटिश आरमाराच्या मोठ्या युद्धनौका १९१४ मध्ये ६२ होत्या, १९२८ मध्ये २० उरल्या. खलाशी आणि अधिकारी १,४६,००० चे १,००,००० झाले. आणि लंडनच्या मुख्य कचेरीतले बाबू? २००० चे ३५६९! पुढे वसाहतींच्या खात्याचे आकडे देतो. १९३५ मध्ये ३७२ माणसं, १९५४ मध्ये १६६१. या मधल्या काळात सिलोनसारखी वसाहत हातची गेली. सांभाळायला साम्राज्य कमी आणि सांभाळणारे साडेचारपट.

हे सगळं तो गंभीर चेहऱ्याने, टक्केवारी दोन दशांश स्थळांपर्यंत काढून सांगतो. हसायचं काम आपल्याकडे सोपवलेलं.

वऱ्हाडी_ठेचा

बाप्पा! हा पार्किन्सन आमच्या हापिसात येऊन बसून गेला का काय?

आमच्या इथं एक बाबू होते, एकटेच सारं टपाल पाहत. पंधरा वर्षं पाह्यलं. मंग म्हणे काम लय झालं, मदतनीस द्या. आता एकच मदतनीस घेतला तं तो उद्या आपल्याच खुर्चीवर डोळा ठेवीन, म्हून दोन मांगतले. दोघायचं आपसात पटे ना, तं दोघायच्या मंधात एक सुपरवायझर आला. मंग सुपरवायझरले शिपाई. शिपाई सुट्टीवर गेला तं बदली शिपाई. आता बाबू सकाळी साऱ्यायच्या रजा मंजूर करते, दुपारी त्यायची भांडणं सोडवते, आन् संध्याकाळी पाच वाजता थे टपाल सोता पाह्यते. जसं पंधरा वर्षं पाहत होते तसंच.

कारकून_नंबर_एक

@वऱ्हाडी_ठेचा, दंडवत! पार्किन्सनचं पहिलं प्रमेय तुम्ही मदतनिसांसकट लिहिलंत. त्याच्याकडे 'अ' नावाचा अधिकारी आहे. त्याला हाताखालचे लोक वाढवायचे असतात, बरोबरीचा नको असतो. म्हणून एक न घेता दोन घेतो, 'क' आणि 'ड'. मग त्यांना प्रत्येकी दोन. सात माणसं एकाचं काम करतात आणि सातही जण खरोखर कामात असतात, एकमेकांसाठी. शेवटी मसुदा फिरून 'अ'कडेच येतो आणि तो पहिल्यापासून स्वतः लिहून काढतो. त्यात तो 'अ' आळशी नाही, हे मला फार आवडतं. घरी उशिरा जातो बिचारा.

माड_माडाची_सावली

गोव्याहून सांगते, त्या म्हातारीने दुपारी १ ते ४ झोप काढली असती तर एवढी दमली नसती.

बदलीपात्र

पार्किन्सन थोर आहे, पण ते वरून पाहणाऱ्याचं पुस्तक. आपल्यासारख्यांचं पुस्तक म्हणजे 'द पीटर प्रिन्सिपल', १९६९. लॉरेन्स पीटर हा कॅनडाचा, शिक्षणक्षेत्रातला, आणि रेमंड हल लेखक. दोघांचं हे बोलणं सुरू झालं म्हणे एका वाईट नाटकाच्या मध्यंतरात. (आपल्याकडे वाईट नाटकाच्या मध्यंतरात बटाटेवड्याशिवाय काही निष्पन्न होत नाही.)

सिद्धांत सोपा आहे. चांगलं काम करणाऱ्याला बढती मिळते. तिथे चांगलं केलं की पुन्हा बढती. असं करत करत तो अशा खुर्चीत पोचतो जिथलं काम त्याला जमत नाही. तिथे बढती थांबते आणि तो निवृत्तीपर्यंत तिथेच बसतो. म्हणजे कालांतराने प्रत्येक खुर्चीत न जमणारा माणूस. मग कामं करतं कोण? ज्यांचं अजून वर जायचं राहिलंय ते.

माझ्या शाळेतले गणिताचे सर म्हणजे देवमाणूस होते. फळ्यावर अपूर्णांक काढले की शेवटच्या बाकावरच्यालाही कळायचे. त्यांना मुख्याध्यापक केलं. पोषण आहाराच्या तांदळाचा हिशोब, संचमान्यता, पालकांची भांडणं. वर्षभरात केस पांढरे. आणि आम्हाला गणिताला जे आले त्यांना अपूर्णांक स्वतःलाच कळायचे नाहीत. एका बढतीत शाळेने एक उत्तम शिक्षक घालवला आणि एक सुमार मुख्याध्यापक कमावला.

नको असलेल्या माणसाला हलवायच्या दोन पद्धती पीटर सांगतो. एक, लाथ मारून वर चढवायचं. दुसरी, लांबलचक पदनाम देऊन इमारतीच्या टोकाच्या खोलीत सरकवायचं. आमच्याकडे दुसऱ्या प्रकारातल्या साहेबांचं पदनाम दारावरच्या पाटीत मावलं नव्हतं, भिंतीवर गेलं होतं.

मावशी_सांगलीकर

त्याच पुस्तकात शेवटी एक उपाय आहे बघ, बढतीपासून वाचायचा. मुख्य काम चोख करायचं, पण बाजूच्या एखाद्या गोष्टीत मुद्दाम गबाळेपणा दाखवायचा, म्हणजे वरचे तुझा विचारच करत नाहीत. मी हे पुस्तक वाचायच्या आधी वीस वर्षं हेच करत होते.

८७ साली नोकरीला लागले तेव्हा माझा मराठी टायपिंगचा वेग चाळीस. आमच्या शाखेत एक बाई होत्या, त्यांचा वेग साहेबांना कळला आणि त्यांचं आयुष्य संपलं. सगळ्या शाखांचं टंकलेखन त्यांच्या टेबलावर, दिवाळीच्या आदल्या दिवशीसुद्धा. मी तिसऱ्या दिवशी ठरवलं. साहेबांनी पत्र दिलं की दोन बोटांनी टाइप करायचे. एक बोट 'क'च्या वर फिरवायचं, फिरवायचं, घारीसारखं, आणि मग खाली. साहेब मागे उभे राहून घामाघूम व्हायचे. "राहू द्या हो बाई, तुम्ही हिशोबाचंच बघा." हिशोबच मला हवा होता.

निवृत्तीच्या दिवशी माझं आभाराचं पत्र मीच टाइप केलं, सगळ्यांसमोर, दहा बोटांनी. खोली शांत झाली होती.

८_१२_स्लो

मावशी, __/\__ हा प्रतिसाद फ्रेम करून ठेवणार.

शून्य_शिल्लक

मावशी +१. बँकेत तर याला अधिकृत नाव आहे, प्रमोशन 'फोरगो' करणं. ऑफिसर झालं की बदली लांब, म्हणून लोक परीक्षाच देत नाहीत. आमच्या शाखेत एक हेड कॅशियर होते, शहरातली निम्मी माणसं त्यांना नावाने ओळखायची. त्यांच्यानंतर आलेले तीन मॅनेजर त्यांना विचारूनच निर्णय घ्यायचे. पीटरसाहेब काहीही म्हणोत, सगळेच वर धावत नाहीत. मुलांची शाळा, आईचा दवाखाना आणि दारातलं स्वतःचं घर यांपुढे केबिन काहीच नाही.

अवांतर: याच सिद्धांतावर इटलीच्या कातानिया विद्यापीठातल्या तिघांना २०१० साली इग नोबेल (हसवणाऱ्या संशोधनाला मिळणारं गमतीचं पारितोषिक) मिळालं होतं. गणिती प्रतिरूप मांडून त्यांनी दाखवलं की बढत्या चिठ्ठ्या टाकून दिल्या तर संस्थेचं काम जास्त चांगलं चालू शकतं. आमच्या युनियनच्या सूचना फलकावर मी ती बातमी लावली होती. तासाभरात निघाली.

आवक_जावक

सगळे सिंगापूर, कॅनडा, इटली फिरून आले, आता जरा जबलपूरला या. हरिशंकर परसाईंची 'भोलाराम का जीव' ही कथा कोणी वाचली नाही का?

भोलाराम निवृत्त होतो. पाच वर्षं पेन्शन मिळत नाही, मरतो. यमदूत जीव घेऊन निघतो तर वाटेतच जीव गायब. नारदमुनी शोधायला खाली येतात, कचेरीत जातात. बाबू सांगतो, अर्जांवर वजन ठेवलं नव्हतं, उडाले असतील. नारद टेबलावरचा पेपरवेट बघतात. बाबूंना म्हणायचं असतं वेगळंच. शेवटी वीणा ठेवावी लागते. फाइल उघडते आणि आतून आवाज येतो, पोस्टमन आला का, पेन्शनची ऑर्डर आली का? जीव अर्जांतच अडकलेला असतो आणि स्वर्गात यायला तयार नसतो.

मी तहसील कचेरीत २९ वर्षं काढली. श्रीलाल शुक्लांच्या 'राग दरबारी'त एक लंगड आहे, तो लाच न देता कागदाची नक्कल मिळवायची म्हणून कचेरीच्या पायऱ्या झिजवत राहतो. आधी अर्जात चूक निघते, मग तिकीट कमी पडतं, मग मूळ कागदच दुसरीकडे गेलेला असतो. शुक्ल स्वतः उत्तर प्रदेश सरकारच्या नोकरीत होते, ते कळतंच. बाहेरच्या माणसाला वाटतं नक्कल अडवायला खलनायक लागतो. काही लागत नाही. अर्ज दिला त्या दिवशी रेकॉर्ड कीपर रजेवर असला तरी पुरे. पुढच्या दिवशी गठ्ठा सापडतो पण दोरी सुटलेली. तिसऱ्या दिवशी कागद सापडतो, सही करणारे दौऱ्यावर. यात कोणीच खोटं बोललेलं नसतं.

सहा गठ्ठा पद्धत ज्यांनी लावली असेल त्यांना कळेल. पहिला प्रलंबित कागदांचा, दुसरा प्रतीक्षेतल्यांचा, असं करत सहावा नाश करायच्या कागदांचा. माझ्या एका सहकाऱ्याच्या कपाटात सहाव्या गठ्ठ्याची यादी होती, पण यादी मंजूर व्हायची होती, म्हणून ती यादी पहिल्या गठ्ठ्यात होती.

वऱ्हाडी_ठेचा

"यादी पहिल्या गठ्ठ्यात होती". हासून हासून चाय सांडली कीबोर्डावर.

तिरकस_टाचणी

एक मुद्दा मांडतो, राग मानू नका. वरचे सगळे प्रतिसाद बघा. इंग्रज, कॅनेडियन, हिंदी. मराठीत ऑफिसवर विनोदी पुस्तक नाही. आमचा विनोद चाळीत, एसटीत, लग्नाच्या पंगतीत, फार तर शाळेच्या वर्गात. मराठी माणूस पिढ्यान्पिढ्या कारकुनी करतोय आणि विनोद मात्र घरी आल्यावर.

मावशी_सांगलीकर

चिमणराव काय शेतकरी होते का रे?

कारकून_नंबर_एक

@तिरकस_टाचणी, चिं. वि. जोशी बडोदे संस्थानच्या राजदफ्तरात होते, पाली भाषेचे पंडित. दिवसभर दप्तर आणि संध्याकाळी चिमणराव-गुंड्याभाऊ. चिमणरावाच्या भित्रेपणात नोकरदार माणसाचा सगळा कणा दिसतो, म्हणजे नसलेला. पु.लं.च्या 'असा मी असामी'तले धोंडो भिकाजी जोशीही कारकूनच. आणि 'अंमलदार' नाटक?

तिरकस_टाचणी

'अंमलदार' गोगोलच्या 'इन्स्पेक्टर जनरल'वरून. रशियन झालं, मराठी नव्हे. आणि धोंडो भिकाजी कारकून आहेत हे खरं, पण आपल्याला आठवतं काय? बदलत जाणारं घर, पोरं, बायकोच्या नव्या आवडीनिवडी. टेबलावर नक्की काय करत होते ते सांगा बघू. पार्किन्सन वाचताना फाइल कुठून कुठे गेली ते दिसतं. आपल्याकडे माणूस दिसतो, फाइल दिसत नाही.

आवक_जावक

फाइल दिसत नाही हेच वास्तव आहे.

तिरकस_टाचणी

ठ्ठो! हे मात्र मान्य.

कारकून_नंबर_एक

थोडा मागे येतो. टाचणींच्या म्हणण्यात तथ्य आहे. आपल्या विनोदाला माणूस हवा असतो, त्याचं नाव, गाव, सदऱ्याचं बटण. नियम नको असतो. पार्किन्सनचे लोक 'अ', 'क', 'ड' असतात. पु.लं.च्या जगात 'क' नावाचा माणूस पहिल्या वाक्यात केशवराव होतो, दुसऱ्यात त्याला तपकिरीची सवय लागते, आणि तिसऱ्यात आपल्याला त्याची माया वाटायला लागते. मग त्याची टक्केवारी काढायची इच्छाच राहत नाही. त्यामुळे मराठी पुस्तक वाचून साहेबाचा राग जातो, तर पार्किन्सन वाचून साहेबाचं गणित कळतं. नानांना काय हवंय ते दौतताईंनी ठरवावं.

एक व्यवस्थापनातलंही नाव राहिलं, शरू रांगणेकर. 'इन द वंडरलँड ऑफ इंडियन मॅनेजर्स'. इंग्रजीत लिहिलंय, पण माणूस आपला आणि नमुनेही आपलेच.

जर्सीकर_जोशी

आयटीवाल्यांतर्फे 'द डिलबर्ट प्रिन्सिपल'. १९९६ चं आहे. स्कॉट अ‍ॅडम्स टेलिफोन कंपनीत नोकरी करत करत 'डिलबर्ट' ही चित्रमालिका काढायचा. त्याचं म्हणणं पीटरच्या पुढचं: नालायक माणूस वर पोचेपर्यंत कोण थांबतंय, त्याला थेट मॅनेजर करतात, कारण तिथे तो कमीत कमी नुकसान करतो. माझ्या पहिल्या नोकरीत प्रत्येक क्युबिकलवर डिलबर्ट चिकटवलेला असायचा. (२०२३ मध्ये त्याच्या वर्णद्वेषी बोलण्यामुळे बऱ्याच वर्तमानपत्रांनी मालिका बंद केली. ते बरोबरच झालं, पण त्या जुन्या पट्ट्यांवर मी हसलो होतो हेही खोटं नाही.)

बदलीपात्र

डिलबर्टबद्दल माझी तक्रार वेगळी आहे. तो वाचून प्रत्येकाला वाटतं आपण डिलबर्ट आणि बाकीचे गाढव. आमच्या मॅनेजरच्याही टेबलावर डिलबर्टचा कॉफीमग होता. त्याच मगातून कॉफी पीत त्यांनी आमची शनिवारची सुट्टी रद्द केली होती.

नाईट_शिफ्ट

स्वभावांवरचं हवं असेल तर कार्लो चिपोला. इटलीचा आर्थिक इतिहासाचा अभ्यासक. १९७६ मध्ये मित्रांना वाटायला म्हणून मूर्खपणाच्या मूलभूत नियमांवर एक छोटी पुस्तिका लिहिली. माणसांचे चार प्रकार. स्वतःचं आणि दुसऱ्याचंही भलं करतो तो शहाणा. दुसऱ्याचं नुकसान करून स्वतःचं भलं करतो तो लुटारू. स्वतःचं नुकसान करून दुसऱ्याचं भलं करतो तो बिचारा. आणि स्वतःचा काही फायदा नसताना दुसऱ्याचं नुकसान करतो तो मूर्ख. चिपोला म्हणतो, लुटारूपेक्षा मूर्ख घातक, कारण लुटारूचा अंदाज बांधता येतो.

माझ्याकडे याचा पुरावा आहे. रात्रीच्या पाळीत कोणीतरी ४०० जणांना चुकून मेल पाठवली. एकाने सगळ्यांना उत्तर दिलं, 'मला या यादीतून काढा.' मग साठ जणांनी सगळ्यांना कळवलं, 'मलाही.' मग एकाने सगळ्यांना लिहिलं, 'कृपया सगळ्यांना उत्तर देऊ नका.' पहाटे चारला सर्व्हर झोपला. कोणाचा काय फायदा?

माड_माडाची_सावली

सर्व्हरचा. झोप मिळाली.

लाल_फीत

'इंग्लिश, ऑगस्ट' राहिलं. उपमन्यू चॅटर्जी, १९८८. लेखक आयएएस होते, महाराष्ट्र केडरचे. नायक प्रशिक्षणासाठी मदना नावाच्या काल्पनिक, भयंकर उकाड्याच्या जिल्ह्यात येतो आणि मीटिंगांमधून पळून रेस्टहाउसच्या खोलीत पडून राहतो. कलेक्टर कचेरीतली दुपार एवढी खरी मी कुठे वाचलेली नाही. नानांना मात्र देऊ नका. नायक करतो त्यातल्या निम्म्या गोष्टी सेंडऑफच्या भाषणात सांगता येणार नाहीत.

शाईची_दौत

बापरे, एवढे प्रतिसाद! सगळे वाचले, यादी केली आणि कमिटीपुढे ठेवली. हो, कमिटी झाली आहे. पाच जणांची. तीन बैठका झाल्या, त्यांचा गोषवारा:

पहिली बैठक: पुस्तक मराठी की इंग्रजी. एक तास. निर्णय नाही.
दुसरी बैठक: वेष्टनाचा कागद सोनेरी की फुलाफुलांचा. पन्नास मिनिटं. निर्णय नाही. फीत मात्र लाल नको यावर एकमत.
तिसरी बैठक: समोसा की कचोरी. सव्वा तास. दोन सदस्यांनी अबोला धरला.

त्याच दुपारी त्याच खोलीत, आमच्याच अध्यक्षांनी कार्यालयाच्या एसी देखभालीचा चार लाखांचा करार पास केला. मी घड्याळ लावून पाहिलं. सहा मिनिटं, त्यातही दोन मिनिटं पेन शोधण्यात.

कारकून_नंबर_एक

ताई, हेही पार्किन्सनमध्ये आहे! वित्त समितीची बैठक. एक कोटी पौंडांची अणुभट्टी अडीच मिनिटांत मंजूर, कारण ती कोणालाच कळत नाही आणि एक कोटी म्हणजे किती हे डोळ्यासमोर येत नाही. मग ३५० पौंडांची सायकल शेड येते. छप्पर अ‍ॅल्युमिनियमचं की पत्र्याचं, पाऊण तास. सायकल शेड सगळ्यांनी पाहिलेली असते ना. त्यानंतर बैठकीतल्या कॉफीचा खर्च. त्याला तुमच्या कचोरीइतकाच, सव्वा तास!

८_१२_स्लो

समोसा.

वऱ्हाडी_ठेचा

कचोरी. आन् संगं चटणी.

बदलीपात्र

इथेही चौथी बैठक सुरू झाली का?

मावशी_सांगलीकर

दौत, ऐक. बैठका बंद कर. उद्या जेवणाच्या सुट्टीत स्वतः दुकानात जा आणि घेऊन ये. बिल दाखवलंस की सगळे गप्प बसतात.

शाईची_दौत

*(तीन आठवड्यांनंतर)*

धागा वर काढते आहे, कारण काहींनी व्यनि (व्यक्तिगत निरोप) करून विचारलं.

मावशींचं ऐकलं. पार्किन्सन घेतलं, परसाईंचा एक कथासंग्रह घेतला आणि 'असा मी असामी' घेतलं. सेंडऑफला नानांनी तिन्ही पुस्तकं हातात धरून आधी मागची किंमत पाहिली, ओठ हलले, मग म्हणाले, "१३९०. उरलेले कुठे आहेत?" भाषण एवढंच.

काल ते पेन्शनच्या कागदांसाठी आले होते. (आले ते थेट फाइलीपाशी. भोलारामची वेळ येऊ नये म्हणून आम्ही फाइल आधीच काढून ठेवली होती.) पिशवीतून पार्किन्सन काढला. तपकिरी कागदाचं कव्हर घातलेलं, कोपरे दुमडून, आत खूण म्हणून एसटीचं तिकीट. म्हातारी वाचली नव्हती. सात माणसं वाचली नव्हती. थेट आरमाराचा तक्ता. आणि तिथे मोहऱ्या! युद्धनौका, उणे ६७.७४ टक्के, टिक. गोदी कामगार ५७,००० चे ६२,४३९, अधिक ९.५४, टिक. मुख्य कचेरी, अधिक ७८.४५, टिक.

गोदीतले कारकून आणि अधिकारी, ३२४९ चे ४५५८. छापलंय ४०.२८. तिथे टिक नाही. समासात पेन्सिलीने लिहिलंय: '४०.२९ हवे. लेखकाचे लक्ष वेधावे.'

मी म्हटलं, नाना, लेखक कधीच वारले. म्हणाले, "मग प्रकाशकाला लिही. चूक चूकच असते." आणि मग खुर्चीत रेलून, "पण माणूस हुशार होता. आपल्या शाखेत किती दिवस होता?"

कारकून_नंबर_एक

कॅल्क्युलेटर काढला. १३०९ भागिले ३२४९. ०.४०२८९. नाना बरोबर आहेत.

माझ्याकडे हे पुस्तक २२ वर्षं आहे. निदान दहा वेळा वाचलंय.

आवक_जावक

नानांना इथलं सदस्यत्व द्या. आमच्या प्रतिसादांची मोजणी एकदा होऊन जाऊ दे.

८_१२_स्लो

म्हणजे घड्याळ नाहीच दिलं शेवटी?

शाईची_दौत

दिलं. ९१० रुपये उरले होते आणि कमिटीतल्या चौघांना दुसरं काही सुचेना.

८_१२_स्लो

आणि नानांनी परत केलं?

शाईची_दौत

नाही, ठेवून घेतलं. म्हणाले, चार झाली, आता सरासरी काढता येईल.